श्रीमंत-गरीब कुटुंबांवरची एखादी चांगली फ्रेंच कॉमेडी सुचवाल का?

एतियेन शातिलिएझचा 'ला व्ही ए तं लाँ फ्लव्ह त्रांकील' (1988) बघा. नावाचा अर्थ 'आयुष्य म्हणजे एक लांबलचक शांत नदी'. सिनेमात शांत काहीच नाही, हा भाग वेगळा!

उत्तर फ्रान्समधल्या एका गावात दोन घरं. ल केनुआ कुटुंब श्रीमंत, धार्मिक, मुलं नीटनेटकी भांग पाडलेली. ग्रोझेय कुटुंब सरकारी वसाहतीत राहणारं, गरीब, सदानकदा आरडाओरडा. डॉक्टर बायकोला सोडत नाही म्हणून चिडलेली त्याची प्रेयसी, नर्स जोझेत, नाताळच्या रात्री दोन्ही घरांतली तान्ही बाळं बदलून टाकते. बारा वर्षांनी तीच पत्रं पाठवून भांडं फोडते.

अदलाबदल म्हटल्यावर आपल्याला रडारड अपेक्षित असते. इथे ग्रोझेय चक्क पैशांवर सौदा करतात आणि त्यांच्याकडे वाढलेला मोमो, म्हणजे ल केनुआंचा खरा मुलगा, श्रीमंतांच्या घरी येतो. या घरात सोमवारी राव्हिओली (सारण भरलेला पास्ता) म्हणजे राव्हिओलीच, असा कडक नेम. मोमो हळूच तिथली चांदी जुन्या घरी पोचवतो. माझ्या मते खरी गंमत ल केनुआ बाईंमध्ये आहे: हसतमुख, प्रेमळ आई बघता बघता कशी ढासळत जाते! ती भूमिका करणाऱ्या एलेन व्हँसाँला सहायक अभिनेत्रीचं सेझार (फ्रेंच सिनेमाचा मोठा पुरस्कार) मिळालं. मोमो झालेला पोरगा म्हणजे बनुआ माजिमेल, पुढे मोठा नट झाला.

फादरचं गाणं मात्र चुकवू नका. सबटायटल्स लावूनच बघा, ग्रोझेय मंडळींच्या शिव्या नाहीतर वाया जातील.