वाचकांचे प्रश्न : आधी रोगाचे नाव, मग मलम

पावसाळ्यानंतर या सदराकडे आलेल्या पत्रांत त्वचेच्या तक्रारींची पत्रे सर्वांत जास्त होती. बहुतेक पत्रांत औषधाचे नाव होते, रोगाचे मात्र नव्हते. म्हणून या वेळचे सदर त्वचेलाच दिले आहे.

प्रश्न : मला दोन वर्षांपासून जांघेत आणि कमरेला गजकर्ण आहे. मेडिकलमधून आणलेली ट्यूब लावली की दोन दिवसांत खाज थांबते, बंद केली की दुपटीने उठते. आता पत्नीला आणि मुलालाही तेच झाले आहे. रक्त तपासून घ्यावे का? (एक शेतकरी, पलूस तालुका)

उत्तर : यात रक्ताचा दोष नाही. गजकर्ण किंवा नायटा म्हणजे त्वचेच्या सर्वांत वरच्या थरावर पोसणारी बुरशी. घाम, ओल आणि घट्ट कपडे एवढे मिळाले की तिला पुरते. रात्री उसाला दारे धरायची, ओल्या कपड्यांतच कितीतरी वेळ काढायचा आणि सकाळी एकच टॉवेल घरात सगळ्यांनी वापरायचा, अशा दिनक्रमात ती एका अंगावरून दुसऱ्या अंगावर सहज जाते. कमरेच्या करगोट्याखाली तर ती वारंवार सापडते, कारण तो दोरा दिवसभर घामाने ओलाच असतो. उपचार चालू असेपर्यंत तो काढून ठेवावा.

तुमची खरी अडचण त्या ट्यूबमध्ये आहे. तिच्या खोक्यावरची बारीक अक्षरे वाचा. क्लोबेटासॉल, बीटामेथासोन, बेक्लोमेथासोन, मोमेटासोन यांपैकी एखादे नाव असेल, तर त्या मलमात स्टिरॉइड आहे. त्याच्या जोडीला बहुधा बुरशीनाशक आणि जंतुनाशकही मिसळलेले असते. स्टिरॉइड दाह दाबते म्हणून खाज थांबते, परंतु त्याच वेळी त्वचेची त्या जागेपुरती प्रतिकारशक्तीही ते दाबते, आणि मग बुरशी मरण्याऐवजी बिनधास्त पसरते. तपासताना हा फरक डोळ्यांना दिसतो. साध्या गजकर्णाची कड लालसर, किंचित उंच आणि खवल्यांची असते, मधला भाग बराचसा स्वच्छ असतो. ट्यूब लावून बिघडलेल्या गजकर्णाची कड जागोजागी तुटलेली असते, कड्याच्या आत आणखी एक कडे उठलेले असते, आणि जांघेतली कातडी पातळ होऊन तिच्यावर प्रसूतीनंतर पोटावर दिसतात तशा चिरा पडलेल्या असतात. या चिरा पुढे फिकट होतात, पण पूर्णपणे जात नाहीत. पंचविशीतल्या मुलांच्या मांड्यांवर त्या पाहिल्या की मन अस्वस्थ होते, कारण हे नुकसान रोगाने केलेले नसते.

निदानाबद्दल शंका असेल तर डॉक्टर कडेवरचा कोंडा बोथट पात्याने काचपट्टीवर खरवडून घेतात, त्यावर पोटॅशियम हायड्रॉक्साइडचा थेंब टाकतात आणि थोड्या वेळाने सूक्ष्मदर्शकाखाली पाहतात. बुरशी असेल तर तिचे फाटे फुटलेले तंतू दिसतात. ही तपासणी स्वस्त आहे आणि त्याच भेटीत होऊ शकते. मात्र त्याआधी काही दिवस कोणतेही मलम लावलेले नसावे.

उपचार पूर्वीपेक्षा लांबले आहेत, हे खरे आहे. टर्बिनाफिन या एकेकाळच्या भरवशाच्या गोळीला दाद न देणारी बुरशी आपल्या देशात पसरली आहे. 2020 मध्ये जपानी संशोधकांनी भारत आणि नेपाळमधून आलेल्या रुग्णांच्या नमुन्यांवरून तिला ‘ट्रायकोफायटन इंडोटिनी’ असे नाव दिले, आणि 2023 मध्ये अमेरिकेतही तिचे रुग्ण नोंदवले गेले. स्टिरॉइड मिसळलेल्या मलमांचा सर्रास वापर हे तिच्या फैलावाचे एक मोठे कारण असावे, असे अनेक त्वचारोगतज्ज्ञांना वाटते. केंद्र सरकारने 2018 मध्ये अशा अनेक स्टिरॉइड मलमांना असलेली सवलत काढून घेऊन ती डॉक्टरांच्या चिठ्ठीशिवाय विकू नयेत असा नियम केला. तरीही तुम्हाला ती ट्यूब दोन वर्षे मिळत राहिली. नियम आहे तो दुकानाच्या काउंटरवर पाळला जाणे ही औषध विक्रेत्यांची आणि अन्न व औषध प्रशासनाची जबाबदारी आहे, आणि ग्राहकानेही ती ट्यूब नावाने मागणे थांबवले पाहिजे.

तुम्ही तिघांनीही एकाच वेळी उपचार सुरू करा, नाहीतर बुरशी घरातल्या घरात फिरत राहील. गोळ्या आणि साधे बुरशीनाशक मलम डॉक्टर सांगतील तितके आठवडे घ्या, आणि डाग दिसेनासा झाला तरी त्यांनी सांगितल्याशिवाय थांबू नका. मलम डागाच्या कडेपलीकडे दोन बोटे लावा. कपडे गरम पाण्यात धुऊन उन्हात वाळवा, टॉवेल वेगवेगळे ठेवा. स्टिरॉइड बंद केल्यावर पहिले काही दिवस खाज वाढल्यासारखी वाटेल. त्या दिवसांत खाजेची साधी गोळी मिळते, जुन्या ट्यूबकडे परत जाऊ नका.

प्रश्न : दुसऱ्या बाळंतपणानंतर गालांवर वांग आले. पार्लरमधून बिनलेबलच्या डबीतले क्रीम मिळाले. महिनाभरात चेहरा उजळला, पण आता उन्हात गेले की तोंडाची आग होते, बारीक पुटकुळ्या येतात आणि क्रीम सोडले की वांग आधीपेक्षा काळे दिसते. (एक वाचक, तासगाव)

उत्तर : ते क्रीम आजच बंद करा, आणि डबी टाकून न देता डॉक्टरांना दाखवण्यासाठी ठेवा. तुमच्या वर्णनावरून त्यात तीव्र स्टिरॉइड असण्याची शक्यता बरीच आहे. काही उजळवणाऱ्या क्रीममध्ये पाराही सापडतो. पारा त्वचेतील रंगद्रव्य तयार होणे थांबवतो, म्हणून चेहरा उजळ दिसतो. पण तो त्वचेतून शरीरात जातो आणि मूत्रपिंडाला इजा करतो. केरळातील मलप्पुरम येथे 2023 मध्ये अशी क्रीम वापरणाऱ्यांत मूत्रपिंडाचे विकार आढळले होते. पायांना किंवा डोळ्यांखाली सूज असेल, लघवीला फेस येत असेल, तर लघवीची तपासणी लगेच करून घ्या.

वांग हा संप्रेरके, ऊन आणि अनुवंश यांच्या एकत्रित परिणामाचा विकार आहे, आणि तो ताब्यात राहतो, कायमचा जातोच असे नाही. उपचाराचा पाया सनस्क्रीन हाच आहे. पुरेशा जाड थरात, घराबाहेर पडण्याआधी आणि बाहेर असताना दर दोन-तीन तासांनी लावा. द्राक्षबागेत काम असेल तर डोक्यावरून स्कार्फ आणि रुंद कडांची टोपी यांनी सनस्क्रीनइतकाच उपयोग होतो. त्यावरची औषधे चेहरा शांत झाल्यावर डॉक्टर ठरवतील. त्यांतील हायड्रोक्विनोन, ट्रेटिनॉइन आणि स्टिरॉइड यांचे तिहेरी मलम काही आठवड्यांपुरतेच असते आणि ते सौंदर्यप्रसाधन म्हणून वर्षानुवर्षे लावण्याची वस्तू नाही. तुम्ही अंगावर पाजत असाल किंवा पुन्हा दिवस गेले असतील, तर ते आधी सांगा.

प्रश्न : मुलीच्या कपाळावर टिकलीच्या जागी पांढरा डाग पडला आहे. कोड असेल तर तिच्या लग्नाचे काय, या विचाराने झोप लागत नाही. (एक आई, मिरज)

उत्तर : डाग नेमका टिकलीएवढाच असेल, तर टिकलीच्या गोंदातील रसायनामुळे तो झालेला असू शकतो. त्या गोंदातील पॅरा-टर्शरी-ब्युटिलफिनॉल हा पदार्थ काहींच्या रंगपेशी मारतो. चिकटणारी टिकली आजच बंद करा. बऱ्याच जणींचा रंग उपचारांनी परत येतो. पण अशाच डागापासून पुढे कोडही सुरू होऊ शकते, म्हणून अंगावर इतरत्र डाग आहेत का ते त्वचारोगतज्ज्ञांकडून तपासून घ्या.

कोड हा सांसर्गिक नाही, कुष्ठरोगाशी त्याचा काडीचाही संबंध नाही. कुष्ठरोगाच्या चट्ट्यावर बधिरपणा असतो, कोडाच्या डागावर स्पर्श नीट कळतो. आज कोडासाठी विशिष्ट लहरींचे प्रकाशोपचार, मलमे आणि डाग स्थिरावल्यावर करायच्या त्वचारोपणाच्या शस्त्रक्रिया उपलब्ध आहेत. ‘कोड खात्रीने बरे’ अशी जाहिरात कोठे दिसली तर पैसे देऊ नका. 1954 च्या चमत्कारी उपचारविषयक कायद्याने अशा जाहिरातींना बंदी आहे. आणि लग्नाबद्दल एवढेच म्हणेन, की मुलीला डाग लपवायला शिकवू नका.

प्रश्न : विश्रामबाग भागात आणि शंभर फुटी रोडला त्वचा आणि केसांची नवी क्लिनिक निघाली आहेत. लेझरची सहा बैठकांची पॅकेज, उजळण्याची इंजेक्शने, केस रोपण. यांतले खरे काय आणि धंदा किती? (एक महाविद्यालयीन शिक्षक, सांगली)

उत्तर : दोन्ही एकत्र नांदत आहेत. स्टिरॉइडचे पहिले मलम 1952 च्या सुमारास वापरात आले, तोवर त्वचारोगतज्ज्ञाकडे डांबर, गंधक आणि सॅलिसिलिक आम्ल यांपलीकडे फारसे काही नव्हते. 1983 मध्ये अमेरिकन शास्त्रज्ञांनी दाखवले, की योग्य लहर आणि योग्य कालावधी निवडला तर लेझर आजूबाजूची कातडी न जाळता फक्त नको असलेला रंगकण किंवा केसाचे मूळ नष्ट करू शकतो. जन्मखुणा, अनावश्यक केस, मुरुमांचे खड्डे यांवरच्या आजच्या उपचारांत या तत्त्वाचा मोठा वाटा आहे, आणि त्यांचा उपयोग झालेली माणसे आपल्या आसपास आहेत.

परंतु रोग बरा झाला की रुग्ण येणे थांबते, तर चेहऱ्याबद्दलची असमाधानाची भावना वर्षानुवर्षे ग्राहक पुरवते. या क्षेत्राची वाढ मुख्यतः दुसऱ्या बाजूने झाली आहे. 1975 पासून आपल्याकडे विकली जाणारी एक प्रसिद्ध क्रीम 2020 मध्ये नावातला ‘फेअर’ काढून ‘ग्लो’ घेऊन आली. विकली जाणारी इच्छा तीच राहिली. उजळण्यासाठी दिल्या जाणाऱ्या ग्लुटाथायोनच्या इंजेक्शनांना त्या कामासाठी आपल्याकडे मान्यता नाही, त्यामुळे ती घेऊ नयेत. आपल्या सावळ्या त्वचेवर लेझरची तीव्रता चुकली तर डाग काळे पडतात किंवा कातडी भाजते. त्यासाठी यंत्र चालवणाऱ्याचे प्रशिक्षण यंत्राच्या किमतीपेक्षा महत्त्वाचे आहे. केस रोपण ही शस्त्रक्रिया आहे. राष्ट्रीय वैद्यकीय आयोगाने 2022 मध्ये सांगितल्याप्रमाणे ती प्रशिक्षित, नोंदणीकृत डॉक्टरनेच करायची आहे, तंत्रज्ञाने नव्हे.

क्लिनिकमध्ये गेल्यावर आधी डॉक्टरांची पदवी आणि महाराष्ट्र वैद्यकीय परिषदेचा नोंदणी क्रमांक विचारा. एमडी किंवा डीडीव्ही, म्हणजे त्वचारोग, गुप्तरोग आणि कुष्ठरोग या विषयातले शिक्षण, ते सांगतील. नंतर रोगाचे नाव कागदावर लिहून मागा. निदान न सांगता पॅकेजचा दर सांगणाऱ्या ठिकाणाहून उठून या. खर्चाची अडचण असेल तर सांगलीचे शासकीय रुग्णालय आणि मिरजेचे शासकीय वैद्यकीय महाविद्यालय येथील त्वचारोग बाह्यरुग्ण विभागात जा. मिरजेचे हे महाविद्यालय 1962 पासून आहे. जाताना आजवर लावलेल्या सगळ्या ट्यूब, डब्या आणि जुन्या चिठ्ठ्या एका पिशवीत घालून बरोबर न्या, आणि घरातल्या आणखी कुणाला खाज आहे का, हेही सांगा.