जंगल म्हणजे झाडी नव्हे, माळ म्हणजे ओसाड नव्हे

घणसोलीहून एका ताईंनी विचारलंय: मुलीच्या भूगोलाच्या शिकवणीत सांगितलं की 'सव्हाना' हा शब्द मूळचा आपलाच, 'सावन'वरून तिकडे गेलेला. हे खरं का? आणि मराठीत 'सव्हाना म्हणजे ओसाड माळरान' असं लिहिलं तर चालेल का?

पहिल्या प्रश्नाला फार वेळ देत नाही. खरं नाही. सावन हे श्रावणाचं प्राकृतातून आलेलं रूप. सव्हाना हा कॅरिबियन बेटांवरच्या तैनो लोकांचा शब्द. सोळाव्या शतकात तो स्पॅनिशमध्ये शिरला आणि तिथून युरोपभर पसरला. ध्वनी जुळला म्हणून गोत्र जुळत नाही.

दुसऱ्या प्रश्नातल्या 'ओसाड'वर मात्र थांबावंच लागेल, कारण हा शब्द माळाला इतका चिकटवला गेलाय की सुटा माळ आता ऐकूच येत नाही. जून उजाडला की ठाण्यातल्या प्रत्येक सोसायटीच्या ग्रुपवर 'ओसाड टेकडी हिरवी करूया' म्हणून वृक्षारोपणाचं आमंत्रण फिरतं. सोबतच्या फोटोत टेकडीवर गवत असतं. गवत असलेली टेकडी ओसाड कशी? ओसाड पडतं ते गाव, वाडा, घर. जिथे माणसं होती आणि निघून गेली ते. 'ओसाड गावी एरंड बळी' या म्हणीतही आधी गाव आहे. जिथे वस्ती कधी नव्हतीच आणि जिथे तित्तिर, ससा, खोकड पिढ्यान् पिढ्या नांदतायत, त्या माळाला ओसाड म्हणणं हा मराठीचा चुकीचा वापर आहे, आणि जमिनीबद्दलचं चुकीचं विधानसुद्धा.

आता मला ज्या शब्दापाशी पोचायचं होतं तो घेतो. सव्हानाला आपल्याकडे शब्द होता, आणि तो रोज आपल्या तोंडात असतो, अगदी उलट्या अर्थाने: जंगल.

संस्कृतात 'जाङ्गल' म्हणजे घनदाट अरण्य नव्हे. आयुर्वेदाचार्य सुश्रुताने आपल्या संहितेच्या सूत्रस्थानात जांगल देशाचं लक्षण दिलंय: 'आकाशसमः प्रविरलाल्पकण्टकिवृक्षप्रायः'. आकाशासारखा सपाट मोकळा, आणि झाडं विरळ, थोडी, काटेरी. पुढे म्हणतो, पाऊस कमी, झरे-विहिरींचं पाणी थोडं, वारे उष्ण आणि कठोर, माणसं सडपातळ पण काटक. चरकाच्या वर्णनात खैर, धावडा, सालई, बोर, शमी ही झाडं येतात. वाऱ्याने हलणाऱ्या कोवळ्या फांद्या येतात, मृगजळ येतं, लावे, तित्तिर आणि चकोर येतात. सव्हानाची व्याख्या विचारली तर आजचा वनस्पतिशास्त्रज्ञही जवळपास हेच सांगेल: सलग गवत, मधूनमधून झाडं, आणि लांबलचक कोरडा ऋतू. 'आकाशसम' हा शब्द मात्र त्याला सुचणार नाही.

याच्या उलट टोकाला 'आनूप' देश. चरक तिथे नारळी-केळीची दाटी सांगतो, नद्या आणि समुद्राचा काठ सांगतो. म्हणजे ताई, तुम्ही-आम्ही खाडीकाठचे लोक आनूप देशातले. घाट चढून पठारावर गेलं, पर्जन्यछाया लागली, की जांगल सुरू. आयुर्वेदात आजाऱ्याला पथ्य म्हणून जो 'जांगल मांसरस' सांगतात तो पचायला हलका असतो, कारण तो हरणाचा, लाव्याचा, तित्तिराचा. पाणथळ आनूप देशातल्या प्राण्यांचा तो नव्हे. अमरकोश या संस्कृत शब्दकोशातली वनाची यादी पाठ असेल तर म्हणून पाहा: 'अटव्यरण्यं विपिनं गहनं काननं वनम्'. त्यात जांगल नाही. नसणारच.

मग आजचा अर्थ आला कुठून? बोलीभाषांत जंगल म्हणजे गावाबाहेरची न नांगरलेली जमीन असा अर्थ रुळला होता. 1776 साली हालहेड या इंग्रजाने हिंदू कायद्याचं इंग्रजी पुस्तक काढलं, त्यात पाच वर्षं पडून राहिलेल्या जमिनीला जंगल म्हणतात असं नोंदवलंय. झाडाचा उल्लेखही नाही. पुढे साहेबाने तोच शब्द दाट, दमट अरण्याला लावला आणि आपण तो त्याच्याकडून नव्या अर्थासकट परत घेतला. बिकानेरच्या राजांचं बिरुद 'जय जंगलधर बादशाह' होतं. बिकानेरात कुठली आली घनदाट झाडी! तो जांगलदेश, महाभारतातल्या कुरुजांगल प्रदेशाच्या जातकुळीचा.

इथे इंग्रजीत शिरलेल्या देशी शब्दांच्या 1886 च्या 'हॉब्सन-जॉब्सन' कोशाशी माझं भांडण आहे. त्याचे कर्ते यूल आणि बर्नेल लिहितात की मूळ देशी शब्दाचा काटेकोर अर्थ फक्त पडीक, लागवड नसलेली जमीन. त्यांनी बोलीपुरतं पाहिलं आणि 'मूळ' म्हणून ठोकून दिलं. मूळ पाहायचं तर मनुस्मृतीचा सातवा अध्याय उघडायला हवा होता: राजाने कुठे राहावं, तर 'जाङ्गलं सस्यसम्पन्नम्', धान्याने समृद्ध अशा जांगल देशात. पडीक जमिनीवर कोणी राजाला राजधानी करायला सांगत नाही. संस्कृत-इंग्रजी कोश करणाऱ्या मोनिअर-विल्यम्सला हे कळलं होतं. त्याने विरळ झाडांचा कोरडा प्रदेश असा अर्थ देताना 'पण नापीक नव्हे' अशी पुस्ती जोडलीय. दोन कोशांतला हा फरक लहान नाही. कारभाराच्या कागदांत पहिला अर्थ शिरला आणि गवताळ जमीन 'वेस्टलँड'च्या खात्यात गेली. आजही ती तिथेच मोजली जाते. वनखात्याच्या जुन्या वर्गीकरणांनीही अशा बऱ्याच प्रदेशांना वेगळं स्थान दिलं नाही, बिघडलेलं जंगल मानलं.

हे मानणं चूक आहे. उष्ण प्रदेशातली ही गवतं साधारण 80 ते 60 लाख वर्षांपूर्वी फोफावली. हिमालयाच्या पायथ्याच्या शिवालिक टेकड्यांतल्या जुन्या मातीतल्या कार्बनने ते दाखवून दिलंय. कुऱ्हाड चालवायला तेव्हा माणूसच नव्हता. कुसळी, पवन्या, मारवेल ही गवतं कडक उन्हात वाढणारी, सावलीत खंगणारी. कुसळीचं कुसळ ओल लागली की पीळ सोडतं, वाळलं की पुन्हा पिळतं आणि बी गिरमिटासारखं जमिनीत घुसतं. ज्या गवताने कोरड्या ऋतूसाठी एवढी तयारी केलीय त्यावर सुबाभूळ आणि गिरिपुष्प लावून सावली करणं म्हणजे ते मारणं.

माळ या शब्दाबद्दलही सांगतो, कारण इथे माझं एक मत आहे आणि ते मी सोडणार नाही. कालिदासाच्या मेघदूतात यक्ष मेघाला सांगतो: 'सद्यःसीरोत्कषणसुरभि क्षेत्रमारुह्य मालम्', नुकत्याच नांगरटीने सुगंधित झालेल्या माळावर चढ. टीकाकार मल्लिनाथाने माल म्हणजे डोंगराळ उंच जागा असं सांगितलंय. काही भाषांतरकार मात्र ते एखाद्या प्रदेशाचं विशेषनाम करून टाकतात, आणि एका कोकणी शेतकऱ्यालाही कळली असती अशी ओळ अनाकलनीय करतात. 'आरुह्य' आहे ना तिथे? चढायचं म्हटल्यावर उंचावरचं सपाट रान, म्हणजे माळच. संशोधक वा. वि. मिराशी म्हणतात त्याप्रमाणे यक्ष राहतो तो रामगिरी म्हणजे रामटेक असेल, तर मेघ निघतो विदर्भातून, आणि कालिदासाने तिथल्या लोकांच्या तोंडचा शब्द जसाच्या तसा उचलला असं मला ठाम वाटतं. कोणी रामगिरी छत्तीसगडातल्या सरगुजाला नेतात. नेवोत, माळ तिकडेही आहेत. तमिळ 'मलै', कन्नड 'मले' यांच्याशी आपल्या माळाचं नातं मला जवळचं वाटतं: डोंगर, मग डोंगरावरची सपाटी, मग कुठलीही उंचवट्याची मोकळी जमीन. फुलांच्या माळेशी ते जोडणाऱ्यांनी एकदा माळावर जाऊन यावं. आणि कालिदासाचा माळ नांगरलेला आहे, सुगंधी आहे, हे विसरू नका.

रान तर आणखी सोपं. अरण्य, प्राकृत रण्ण, मराठी रान. पण देशावरचा माणूस 'रानात चाललो' म्हणतो तेव्हा तो शेतात चाललेला असतो, आणि गायरानात गाई चरतात. रान म्हटलं की झाडी दिसते ती शहरात वाढलेल्यांना. झाडीला आपल्याकडे 'झाडी' हाच शब्द आहे. पूर्व विदर्भाची झाडीपट्टी त्यावरूनच. आणि पूर्वी झाडी होती, तोडल्यामुळे माळ झाले, हेही सरसकट खरं नाही. आशिष नेर्लेकर आणि दिग्विजय पाटील या अभ्यासकांनी जुनं मराठी साहित्य आणि ओव्या चाळून पश्चिम महाराष्ट्रातल्या झाडांची नावं गोळा केली, तर शतकांपूर्वीच्या मजकुरातही माळावरचीच झाडं पुष्कळ निघाली.

हवामानाचंही थोडं सांगायला हवं, कारण मुलीला परीक्षेत तेच विचारतील. हवामानाचे प्रकार पाडणाऱ्या कोपेनच्या पद्धतीत 'सव्हाना हवामान' म्हणजे प्रत्येक महिन्याचं सरासरी तापमान निदान 18 अंश आणि सर्वांत कोरड्या महिन्यात पाऊस 60 मिलिमीटरच्या आत, आणि मान्सून हवामानासाठी लागणाऱ्या मर्यादेहूनही कमी. या हिशोबाने मुंबईसुद्धा सव्हाना हवामानात मोडते, वर्षाला 2,000 मिलिमीटरहून जास्त पाऊस पडत असूनही, कारण तो जवळजवळ सगळा चार महिन्यांत पडतो. म्हणून येऊरच्या डोंगरात पानगळीचं वन आहे ते चूक ठरत नाही. त्याच पावसात एका जागी वन उभं राहतं आणि दुसरीकडे गवत. माती किती खोल, वणवा किती वेळा, चराई किती, यावर ते ठरतं. हवामानाचं नाव आणि झाडोऱ्याचं नाव एकच असल्याने हा घोटाळा होतो.

ताई, उत्तरात 'माळरान' लिहायला सांगा, 'ओसाड' खोडायला लावा. 'विरळ झाडांचं माळरान' लिहिलं तर अधिक नेमकं. आमच्या ठाणे जिल्ह्याच्या सातबाऱ्यावरचा 'वरकस' शब्द इथे वापरू नका. ती नाचणी-वरीची आणि राबासाठी, म्हणजे रोपाची जमीन भाजायला, गवत-पाला देणारी डोंगरउताराची जमीन, तिचा अर्थ महसुली आहे. आणि 'सॅव्हाना' नको, 'सव्हाना' लिहा. स्पॅनिश 'साबाना'त आघात मधल्या अक्षरावर पडतो.