जिजीविषा, सूतोवाच आणि अठराविश्वे

प्रश्न : ‘जिजीविषा’ लिहिताना वेलांट्या दर वेळी चुकतात. नेमका अर्थ काय आणि लक्षात कसे ठेवायचे?

उत्तर : जगण्याची इच्छा. धातू ‘जीव्’. संस्कृतात क्रियेची इच्छा दाखवायची झाली की धातूचा आरंभ दुणावतो आणि शेवटी ‘सा’ किंवा ‘षा’ येतो. आधी जोडलेले अक्षर ऱ्हस्व, म्हणून ‘जि’. धातूतली ‘जी’ आहे तशी दीर्घ. मग ‘विषा’. ‘जिगीषा’ म्हणजे जिंकण्याची इच्छा, ‘चिकीर्षा’ म्हणजे करण्याची. दोन्हींत आधी ऱ्हस्व, मग दीर्घ. ‘मीमांसा’ मात्र या शिस्तीत बसत नाही, तिथे पहिलेच अक्षर दीर्घ.

याच घराण्यातला ‘शुश्रूषा’ दवाखान्यांच्या पाट्यांवरसुद्धा ‘सुश्रुषा’ होऊन बसतो. धातू ‘श्रु’, ऐकणे. मूळ अर्थ ऐकण्याची इच्छा. गुरूचे ऐकू पाहणारा शिष्य त्याची सेवाही करणारच, म्हणून सेवा. आणि आता बहुतेक वेळा रुग्णसेवाच.

आणखी एक जोडी जपून वापरा. ‘मुमुक्षू’ म्हणजे मोक्षाची इच्छा असलेला, ‘मुमूर्षू’ म्हणजे मरणाच्या दारातला. कीर्तनाच्या पत्रिकेत ‘मुमूर्षू श्रोत्यांनी लाभ घ्यावा’ असे छापले, तर मंडप रिकामाच राहायचा!

प्रश्न : ‘सूतोवाच’चा सूत्र वाचण्याशी संबंध आहे का? शेवटचा ‘च’ कसा उच्चारायचा?

उत्तर : अजिबात नाही. ‘सूत उवाच’, म्हणजे ‘सूत म्हणाले’. नैमिषारण्यात शौनकादी ऋषींना पुराणे सांगणारे ते सूत. त्यांनी तोंड उघडले की कथेला सुरुवात, म्हणून सूतोवाच म्हणजे एखाद्या गोष्टीचा पहिला उच्चार. मंत्री येऊ घातलेल्या योजनेचे सूतोवाच करतात, हे बरोबर. योजना वर्षभर चालू असताना बातमीत ‘सूतोवाच’ आले, तर ते नुसते भारदस्त दिसायला.

‘च’ चंद्रातला, म्हणजे तालव्य. ‘पुस्तक वाच’ मधला दंततालव्य नव्हे. संस्कृतातून जसेच्या तसे आलेले शब्द च, ज, झ सहसा तालव्यच ठेवतात. म्हातारपण या अर्थाची ‘जरा’ आणि ‘जरा थांब’ मधला ‘जरा’ एकामागोमाग म्हणून पाहा. पुढे इ, ई, ए आले की देशी शब्दही तालव्याकडे वळतात. ‘चिंच’ या एवढ्याशा शब्दात पहिला च तालव्य, दुसरा दंततालव्य. आणि ‘चिंचेचा कोळ’ म्हणताच तो दुसराही तालव्य होतो. लिपी यातले काहीच दाखवत नाही. मराठी नव्याने शिकणाऱ्यांची कीव येते ती इथे.

प्रश्न : पागोळी आणि वळचण एकच का?

उत्तर : नाही. पावसात कौलांच्या कडेवरून गळणारी धार ती पागोळी; छपराची ती खालची कड आणि तिच्याखालची जागा ती वळचण. आढे म्हणजे छपराचा सर्वांत वरचा भाग; ‘आढ्याचे पाणी वळचणीला’ ही म्हण त्यातूनच. ‘वळचण’मधला च दंततालव्य.

प्रश्न : ‘अठराविश्वे दारिद्र्य’ यात अठरा विश्वे कोणती?

उत्तर : विश्वांचा संबंध नाही. मूळ ‘अठरा विसे’, विसे म्हणजे वीसचा गट, असा अर्थ लावतात. अठरा गुणिले वीस, 360. जुन्या हिशेबाने वर्षाचे दिवस तेवढेच. म्हणजे वर्षातला एकही दिवस सुटका नाही, असे दारिद्र्य.