शिळा उजेड की प्रकाशावशेष?

बडोद्याच्या एका लेखिकेचा प्रश्न आहे. त्यांच्या कादंबरीतल्या जगात दिवा मालवला तरी उजेड लगेच जात नाही. तो जड होऊन खाली उतरतो, जमिनीवर साचतो, उंबऱ्यावरून बाहेर ओघळतो आणि वाड्यांमागच्या वस्तीतली माणसं तो गाडग्यांत भरून नेतात. या प्रकाराला त्यांनी 'प्रकाशावशेष' म्हटलंय. घरच्यांना ते बोजड वाटतं. कुणी 'स्फुरदीप्ती' सुचवलं, कुणी 'अजवाळं'. काय घ्यावं?

'स्फुरदीप्ती' आधी बाजूला ठेवू. तो पदार्थाचा गुण झाला. पदार्थ प्रकाश पिऊन घेतो आणि मग अंधारात सावकाश सोडत राहतो. मुलांच्या खोलीत छताला चिकटवलेल्या चांदण्या चमकतात, त्या अशा. तुमच्या जगात भिंत चमकत नाहीये, भिंतीवरून उजेड उतरतोय. (त्या चांदण्यांना रावपुऱ्यात काय नि दांडिया बाजारात काय, सगळे 'रेडियम'च म्हणतात आणि रिक्षाच्या मागच्या पट्टीलाही! पट्टीत स्वतःचा उजेड अजिबात नसतो, ती मागून आलेला झोत आल्या वाटेने परत पाठवते. घड्याळांच्या तबकड्यांवरून रेडियम केव्हाच गेलं, नाव काही गेलं नाही.)

'अजवाळं' कानाला गोड आहे, पण गुजरातीत 'अजवाळुं' म्हणजे साधा उजेडच. बडोद्याच्या वाचकाला त्यात नवल वाटणार नाही आणि साताऱ्याच्या वाचकाला तो बोलीतला शब्द वाटेल. दोन्हीकडून तोटा.

राहिला 'प्रकाशावशेष'. बडोद्याला असे शब्द घडवण्याची जुनी सवय आहे. सयाजीराव महाराजांच्या कारकिर्दीत, १९३१ साली, कारभारातल्या इंग्रजी शब्दांना देशी प्रतिशब्द देणारा 'सयाजीशासनशब्दकल्पतरू' इथूनच निघाला. पण ते शब्द दप्तरासाठी होते. रोज संध्याकाळी गाडगं घेऊन जाणारी बाई 'प्रकाशावशेष आणायला जाते' असं म्हणेल का? तुमच्या जगात एखादं विद्यापीठ असेल तर तिथल्या पंडितांच्या तोंडी खुशाल घाला.

मुळात इथे 'प्रकाश' नकोच. प्रकाशाला वेग असतो. १९९९ साली भौतिकशास्त्रज्ञ लेने हाऊ यांच्या गटाने तो अतिथंड सोडियमच्या अणूंमधून जाताना सेकंदाला १७ मीटरवर आणला होता, म्हणजे ॲक्टिव्हावरून गाठता येईल इतका. पण 'उजेडाचा वेग' असं कुणी म्हणत नाही. उजेड असतो, पडतो, येतो, आपण 'उजेडात बस' म्हणतो. साचायचा असेल तर उजेडच साचेल.

आता त्याला विशेषण. माझं मत 'शिळा' या शब्दाला. कालची भाकरी शिळी, रात्रीचं पाणी शिळं, तसा मालवलेल्या दिव्याचा उजेड शिळा. त्यात किंचित हलकेपणा आहे हे खरं, आणि हा उजेड तुमच्या जगात पवित्र असता तर मी तो शब्द सुचवला नसता. पण वाड्याबाहेर ओघळलेलं भरून नेणाऱ्यांच्या तोंडी तो हलकेपणाच हवा. शिवाय मराठीत शिळं वेगळं आणि उष्टं वेगळं. शिळं नुसतं कालचं असतं, उष्ट्याला दुसऱ्याचं तोंड लागलेलं असतं. वस्तीतली माणसं 'शिळा उजेड' म्हणतील. वाड्यातली मालकीण त्यांना हिणवताना 'आमचा उष्टा उजेड नेतात' म्हणेल. एका अक्षराचंही स्पष्टीकरण न देता दोन घरांमधलं अंतर कळतं.

क्रियापदासाठी 'निथळणे' घ्या. 'झिरपणे' फटीपाशी ठीक, पण खोलीभरचा उजेड भिंतींवरून खाली येतो तेव्हा तो निथळतो. दिवा मात्र मालवू द्या, विझवू नका. विझण्यात शेवट आहे आणि तुमच्याकडे शेवट होतच नाही. वेळही यावरून मोजता येईल. दिवेलागण आपल्याकडे आहेच, कातरवेळेच्या चालीवर 'निथळवेळ' करा. मग वाक्यं आपोआप सुचतात: "उजेड गुडघ्याला आलाय, आवर आता." "माजघर निथळलं का गं? मग ओटीवर बसून निवड ते तांदूळ."

एक धोका तेवढा सांभाळा. 'उजेड पाडणे' हा प्रयोग चुकूनही नायकाला लावू नका. 'त्याने दालनात उजेड पाडला' असं लिहिलंत की गंभीर प्रसंगात वाचक हसणार. 'दिवे लावले' याचीही तीच गत. तिथे 'दिवा पेटवला' म्हणा आणि पुढे चला.

विभक्ती लावून पाहिलं तरी 'शिळा उजेड' अडत नाही: शिळ्या उजेडात, शिळ्या उजेडाचं गाडगं, शिळ्या उजेडावर वाढलेली पोरं. 'शिळा' म्हणजे दगड असाही अर्थ आहे खरा, पण तो शब्द स्त्रीलिंगी, त्यामुळे पुल्लिंगी उजेडाशेजारी घोटाळा होत नाही.