इंदूरच्या माजी खासदार आणि लोकसभेच्या माजी अध्यक्ष सुमित्राताई महाजनांची पहिली निवडणूक १९८९ ची लोकसभेचीच का? आणि संसदेत आरोग्यासाठी त्यांचं काम काय?

नाही, १९८९ च्या आधीही ताई मैदानात उतरल्या होत्या. १९८२ मध्ये त्या इंदूर महापालिकेत नगरसेविका झाल्या, १९८४ मध्ये उपमहापौर. १९८५ च्या विधानसभेत मात्र हरल्या. हा पराभव लोक विसरतात, पण माझ्या मते १९८९ चं मोल त्यामुळेच वाढतं: समोर मध्य प्रदेशचे माजी मुख्यमंत्री प्रकाशचंद सेठी होते आणि ताई लाखाहून अधिक मतांनी जिंकल्या. १९८९ धरून सलग आठ वेळा. इंदुरात हे रामबागेतल्या कुठल्याही मराठी घरात कळेल. आकडे निवडणूक निकालांत आहेत.

आरोग्याचं उत्तर जपून द्यावं लागतं. त्या लोकसभेच्या अध्यक्ष असताना, २०१७ मध्ये, सभागृहाने तीन मोठी विधेयकं मंजूर केली:
- प्रसूती रजा १२ वरून २६ आठवडे
- मानसिक आरोग्य विधेयक, ज्याने तीव्र तणावातून आत्महत्येचा प्रयत्न करणाऱ्याला शिक्षेऐवजी उपचार मिळण्याची वाट केली
- एचआयव्हीबाधितांशी भेदभावाला बंदी

पण ही विधेयकं मांडली सरकारने. अध्यक्ष सभागृह चालवतो, बाजू घेत नाही, म्हणून त्यांचं श्रेय एकट्या ताईंना देता येणार नाही.