फोर्ट कोचीत गाइडसोबत चालत फिरावं, की आपापलं?

एकच दिवस हातात असेल तर गाइड घ्याच, पण शेजारचं मट्टनचेरीही दाखवणारा घ्या. फोर्ट कोचीतलं बरंचसं आपापलं बघून होतं: मासेमारीची चिनी जाळी, सेंट फ्रान्सिस चर्च. वास्को द गामाला १५२४ मध्ये इथेच पुरलं होतं, पुढे १५३९ मध्ये अवशेष पोर्तुगालला नेले.

जाणकार माणूस सोबत हवा तो मट्टनचेरीत. पोर्तुगीजांनी बांधून कोचीच्या राजाला दिलेला, नंतर डचांनी डागडुजी केलेला राजवाडा, आणि त्याच्या आवारातल्या देवळाला अगदी खेटून १५६८ चं परदेशी सिनेगॉग, म्हणजे ज्यूंचं प्रार्थनास्थळ! राजाने ज्यूंना जागा दिली ती अशी आपल्या उंबऱ्याशी. सिनेगॉगमध्ये अनवाणी जायचं. पायाखाली चीनहून आणलेल्या निळ्या-पांढऱ्या, हाताने रंगवलेल्या फरश्या आहेत. जरा वाकून शेजारशेजारच्या दोन फरश्या ताडून बघा, नक्षीत फरक दिसेल.

गाइडला आधीच सांगून चेरलाईतलं तिरुमल देवस्वमही घ्या. पोर्तुगीजांच्या जाचामुळे गोवा सोडून आलेल्या गौड सारस्वतांचं हे देऊळ. इतक्या दक्षिणेत आसपास कोंकणी कानावर पडते, मला तर फार भरून येतं. मराठी माणसाने हे चुकवू नये.

शुक्रवार-शनिवार मात्र टाळा. शुक्रवारी राजवाड्याचं संग्रहालय बंद, शनिवारी सिनेगॉग. सकाळी लवकर निघा, उकाडा फार असतो. फोर्ट कोची ते मट्टनचेरी सरळ रिक्षा करा.