वारा-बिरा काही शिरलेला नाही

‘ताई, मी चौतीस वर्षांची. वर्तकनगरला राहते, नोकरी ऐरोलीला. मुलगी अडीच वर्षांची आहे. ती सहा महिन्यांची झाली तेव्हापासून सकाळी माझी बोटं आखडायला लागली. आधी वाटलं, बाळाला घेऊन घेऊन हात भरून येतात. आता लाटणं धरवत नाही, लोकलमध्ये कडी पकडवत नाही. बाम आणि पेनकिलरवर दीड वर्ष काढलं. गेल्या महिन्यात रूमेटॉइड आर्थ्रायटिस निघाला. डॉक्टर म्हणाले, ऑटोइम्यून आहे, बायकांना जास्त होतो. का, ते विचारायचं राहूनच गेलं, बाहेर केवढी रांग होती. सासूबाई म्हणतात, बाळंतपणात शेक घेतला नाहीस, कान न बांधता पंख्याखाली झोपलीस, वारा शिरला. नवरा प्रेमाने रोज गुळवेलीचा काढा करून देतो, इम्युनिटी वाढावी म्हणून. माझ्या आईचीही बोटं वाकडी झालीत, पण तिचं आता वयच झालंय. ताई, मी असं काय केलं? माझ्या मुलीलाही होईल का हे? त्यात दुसऱ्या बाळाचा विषय घरात निघतोय.’
– एक सून, ठाणे

अगं, बाकीचं सगळं नंतर. आधी तो काढा बंद कर.

नवऱ्याच्या मायेबद्दल मला शंका नाही. पण तुझी इम्युनिटी कमी पडलेली नाही, ती भलत्याच माणसावर, म्हणजे तुझ्याच सांध्यांवर, धावून गेली आहे. ऑटोइम्यून म्हणजे हेच. सोसायटीचा वॉचमन घरच्याच लोकांना झोडपायला लागला, तर त्याला आणखी जाड काठी कोणी आणून देतं का? मुंबईतल्या डॉक्टरांनी २०२१ मध्ये गुळवेल घेतलेल्या सहा रुग्णांच्या यकृताला इजा झाल्याचं प्रसिद्ध केलं होतं. आयुष मंत्रालयाला ते पटलं नव्हतं, वाद झाला. पण तुला आता ज्या गोळ्या मिळतील त्यांच्यासाठी यकृताच्या तपासण्या मुळातच कराव्या लागतात. त्यात आणखी एक भानगड कशाला? नवऱ्याला म्हणावं, काढ्याऐवजी सकाळची कणीक मळून दे.

आता सासूबाई. त्यांचं निम्मं बरोबर आहे, हे तुला आवडणार नाही. वेळ त्यांनी अचूक पकडली. गरोदरपणात पोटातलं बाळ शरीराला परकं वाटू नये म्हणून प्रतिकारशक्तीचा रोख बदलतो. आधीपासून संधिवात असलेल्या अनेकींना त्या नऊ महिन्यांत चक्क आराम पडतो. बाळंतपणानंतर हार्मोन्स धाडकन उतरतात, आणि पुढच्या काही महिन्यांत दुखणं उसळतं किंवा पहिल्यांदाच डोकं वर काढतं. आपल्या आज्या-पणज्यांनी हे पाहिलं असणारच. कारण सापडेना, तेव्हा पंखा सापडला. (त्यांच्या काळी पंखा नव्हता, तेव्हा खिडकी होती.) तू शेगडीवर बसून राहिली असतीस तरी हे टळलं नसतं.

मग बायकांनाच का? माझी स्वतःची थायरॉइडची गोळी सुरू झाली तेव्हा मीही हेच विचारलं होतं. माझं थायरॉइडही ऑटोइम्यूनच. याचं मला सगळ्यात पटलेलं उत्तर आमच्या नौपाड्यातल्या सोसायटीत जिन्याखाली झोपलेलं असतं. काळ्या, पिवळ्या, पांढऱ्या ठिपक्यांची मांजर. अशी तिरंगी मांजर जवळजवळ नेहमी भाटी असते. तिरंगी बोका पाहिलायस कधी?

मांजरीत काळा की पिवळा, हे ठरवणारं जनुक एक्स गुणसूत्रावर असतं. बोक्याकडे एक एक्स, भाटीकडे दोन. आपलंही तसंच. पण दोन्ही एक्स एकदम चालले तर सगळंच दुप्पट होईल. म्हणून गर्भ अगदी लहान असतानाच प्रत्येक पेशी आपला एक एक्स बंद करून टाकते. काही पेशींत आईकडून आलेला, काहींत वडिलांकडून आलेला. मांजरीच्या अंगावर तेच काळे-पिवळे ठिपके होऊन उमटतं. मेरी लायन नावाच्या ब्रिटिश शास्त्रज्ञ बाईंनी १९६१ मध्ये हे मांडलं. तुझ्या-माझ्या अंगावर ठिपके दिसत नाहीत एवढंच, आतून आपणही तशाच.

गोम आहे ती या कुलपात. ते लावतो ‘एग्झिस्ट’ नावाचा एक लांबलचक आरएनए, म्हणजे जनुकावरून उतरवलेली नक्कल. तो त्या एक्सला सगळीकडून वेढून बसतो आणि त्याला डझनावारी प्रथिनं चिकटतात. पेशी मेली की हा सगळा गुंता बाहेर सांडतो, आणि एखादीची प्रतिकारशक्ती त्यालाच शत्रू समजून बसते. पुरुषांत हा गुंता बनतच नाही. अमेरिकेत स्टॅनफर्डला हॉवर्ड चँग यांच्या चमूने नर उंदरांना एग्झिस्ट बनवायला लावलं. ल्युपस हाही ऑटोइम्यूनच आजार. त्याकडे कल असलेल्या जातीच्या नरांना वर चिथावणी देणारं रसायन टोचलं, तर ते जवळपास माद्यांइतकेच आजारी पडले. हे २०२४ मध्ये प्रसिद्ध झालं. प्रयोग ल्युपसचा होता, तुझ्या सांध्यांचं गणित हुबेहूब तेच आहे असं मी म्हणणार नाही. शिवाय बंद केलेला एक्स पुरता मुका नसतो. प्रतिकारशक्तीशी संबंध असलेली काही जनुकं त्यावरून कुजबुजत राहतात. आणि तिरंगी बोका क्वचित सापडतो तेव्हा त्याच्याकडे बहुधा दोन एक्स आणि एक वाय निघतात. माणसांतही असे पुरुष असतात, आणि त्यांच्यात ल्युपसचं प्रमाण इतर पुरुषांपेक्षा कितीतरी जास्त, साधारण बायकांइतकं आढळतं.

म्हणून ल्युपसच्या दहा रुग्णांत नऊ बायका. तुझ्या आजारात एका पुरुषामागे साधारण तीन. पुरुष सुटतात असंही नाही. पाठीचा कणा आखडवणारा अँकिलोजिंग स्पॉन्डिलायटिस त्यांनाच जास्त गाठतो.

त्या उंदरांची एक गोष्ट मात्र घट्ट धरून ठेव. नुसत्या एग्झिस्टने ते आजारी पडले नाहीत. मुळातला कल हवा होता आणि वरून ठिणगीही हवी होती. तू ‘मी काय केलं’ विचारतेस. दुसरा एक्स तू मागून घेतला नव्हतास, कल आईबापांकडून आला, आणि ठिणगी कुठली ते डॉक्टरांनाही बहुतेकदा सांगता येत नाही. सिगारेट हे एक पक्कं ठाऊक असलेलं कारण, तेही तुझ्या पत्रात नाही.

मुलीचं सांगते. हा आजार शंभरात एखाद्याला होतो. जवळच्या नात्यात असेल तर शक्यता साधारण तिप्पट धरतात. तिप्पट ऐकून घाबरू नकोस, तरी ती शंभरात तीनच्या आसपास राहते. अगदी एकसारख्या जुळ्या बहिणींतही एकीला झाला तर दुसरीला होण्याचं प्रमाण शंभरात पंधराच्या घरात. अडीच वर्षांच्या पोरीच्या तपासण्या करत बसू नकोस. मोठी झाल्यावर तिची बोटं सकाळी तासतासभर आखडायला लागली, तर तिचं दीड वर्ष बाममध्ये जाणार नाही, कारण तुला माहीत असेल.

दुसऱ्या बाळाचा विषय डॉक्टरांना सांगितलायस का? पत्रावरून वाटतं, नाही. या आजारात बहुधा मेथोट्रेक्सेट देतात. त्यावर असताना दिवस राहून चालत नाही, ती काही महिने आधी बंद करून दुसरं औषध लावावं लागतं. तशी औषधं आहेत, बाळ होऊ शकतं, पण आधी डॉक्टरांकडे, मग घरच्या बैठकीत. आणि ती गोळी आठवड्यातून एकदाच असते गं. रोजची समजून घेतली तर जिवावर बेतू शकतं. एक वार ठरव आणि कॅलेंडरवर खूण करून ठेव. बाहेर कितीही रांग असू दे, प्रश्न कागदावर लिहून ने आणि सगळे विचारून झाल्याशिवाय उठू नकोस.

ऑफिसात सांगायचं ते गोळ्या लागू पडल्यावर ठरव, घाई नाही.

तुझ्या पत्रातलं एक वाक्य मात्र मी तीनदा वाचलं. आईची बोटं वाकडी झालीत, पण तिचं वयच झालंय. वयाने गुडघे झिजतात, बोटांच्या टोकाशी गाठीही येतात. पण तिची बोटं मुळापासून करंगळीच्या दिशेने कलली असतील, दोन्ही हातांची, आणि तरुणपणीही सकाळी तिला भांडं उचलत नसेल, तर ते वय नव्हे. घरातल्या बाईचं दुखणं म्हणून कोणी विचारलंच नसेल. वाकलेलं सरळ होणार नाही, पण आजार अजून धुमसत असेल तर तो थांबवता येतो. तुझी पुढची तारीख असेल तेव्हा तिलाही बरोबर ने. रक्ताच्या तपासणीत अँटी-सीसीपी आणि आरए फॅक्टर, या आजाराच्या खुणा शोधणाऱ्या दोन चाचण्या, असतील एवढं बघ. आणि रिक्षात तिला विचार, हे कधीपासून दुखतंय. मला वाटतं, तुझ्या जन्माच्या आसपासचं वर्ष सांगेल.